सहादू गुरुजींचं माकडलिंबू

द्वारका, नाशिक
६ ऑक्टोबर २०२४

प्रिय सहादू,
सप्रेम जयभीम.

मागच्या वर्षी शाळेच्या मेळाव्यातून निघताना तू म्हणालास, "प्रतिभा, काही लागलं तर हक्कानं सांग." असं म्हणणाऱ्याला मनातून खात्री असते की समोरचा काही सांगणार नाही. पण मी सांगते आहे.

माझ्या जुन्या कॉलेजनं मला निवृत्तीनंतर पुन्हा कामाला लावलंय. बागेच्या एका कोपऱ्यात लिंबाचं सगळं गणगोत लावायचं ठरलंय. बेल, कवठ, कढीपत्ता ही मंडळी आली. कागदी लिंबू तर घरचंच. राहिलं आहे माकडलिंबू. आठवतंय का? माझे वडील तुमच्याकडे तलाठी होते, तेव्हा आपण शाळा सुटल्यावर देवाच्या रानात जायचो आणि गोटीएवढी हिरवी फळं एकमेकांना फेकून मारायचो. तेच ते. शास्त्रात त्याला अटलांशिया म्हणतात. लिंबाच्या कुळातली छोटीशी प्रजाती, उष्ण प्रदेशातल्या रानांत राहणारी. मी आयुष्यभर मुलांना ती वाळलेल्या फांदीवरून शिकवली, आणि ती फांदीसुद्धा दुसऱ्या कुणीतरी जमवलेली.

देवाचं रान तुझ्या घराच्या मागेच आहे. मला आधी फुलाची फांदी हवी, म्हणजे ओळख पक्की करता येईल, आणि मग बियांसाठी फळं. पाड्यावर फोन लागत नाही, म्हणून हे पत्र. फांदी ओल्या कापडात गुंडाळून नाशिकच्या एसटीत कंडक्टरकडे दे. मी सीबीएस स्टँडवर येऊन घेईन.

नवसाबाईंना नमस्कार.

तुझी,
प्रतिभा


मोहपाडा, ता. सुरगाणा
२० ऑक्टोबर २०२४

प्रिय प्रतिभा,
जोहार.

पत्र मिळालं. एवढ्या मोठ्या प्राध्यापिकेला आमच्यासारख्या झेडपीच्या मास्तराची आठवण झाली, बरं वाटलं.

तुझं काम फत्ते. काल उजाडताच कमरेला कोयता लावून निघालो. देवाचं रान आता आपल्या वेळेसारखं राहिलेलं नाही. वाट मोडली आहे. वरच्या कड्यापाशी तर दोरी लावून चढावं लागलं. ओढ्याच्या वाळूत बिबट्याच्या पावलांचे ठसे होते, ताजे. मी थांबलो, कानोसा घेतला आणि पुढे गेलो. कड्याच्या अगदी टोकावर तुझं माकडलिंबू उभं होतं. एका हातानं दगड धरून दुसऱ्या हातानं ही फांदी काढली आहे. फुलं नव्हती, पण काटे बघ आणि पानाचा वास घे.

आमचा जीपवाला वाल्मीक सुरगाण्यापर्यंत नेईल आणि तिथून एसटीत देईल.

नागली काढायला आली आहे. नवसा शेतात आहे. तिचा नमस्कार.

तुझा,
सहादू


नाशिक
२७ ऑक्टोबर २०२४

प्रिय सहादू,

फांदी मिळाली. ती कवठाची आहे.

कवठाची, सहादू! तुझ्या शाळेच्या कुंपणाला कवठाचं झाड होतं आणि त्याच्याखाली तू पोरांचे पाढे घ्यायचास, हे तूच मेळाव्यात सांगितलं होतंस. एका देठावर सात छोटी पानं आहेत. माकडलिंबाचं पान एकसंध असतं. आणि कड्याच्या टोकावरून काढलेल्या फांदीवर डांबरी रस्त्याची काळी धूळ कशी बसली, हे मला कळलं नाही. बिबट्यानं उडवली का?

दहापैकी शून्य. वर्णनाचे दोन गुण वेगळे देते.

अरे, रान घराच्या मागे आहे, पाय मोडलेत का तुझे? जरा स्वतः जा की. वाल्मीकनं गाडी थांबवून जे हाताला लागलं ते तोडलं असणार, आणि तू न बघता पाकिटात भरलंस. मला सगळं कळतं. मीही मास्तरीणच होते.

दिवाळीच्या शुभेच्छा. फराळाचा डबा येणाऱ्या एसटीनं पाठवते आहे. त्यातल्या चकल्या नवसाबाईंच्या, तुझ्या नाहीत.

प्रतिभा


मोहपाडा
१४ नोव्हेंबर २०२४

प्रिय प्रतिभा,
जोहार.

माझे पाय शाबूत आहेत, हे प्रथम नमूद करतो.

मागच्या वेळी धुकं होतं आणि चष्म्यावर दव बसलं होतं, त्यामुळे गफलत झाली. या वेळी नीट पाहून पाठवत आहे. झुडूप लिंबाच्या नात्यातलंच आहे, वास घेतला की कळतं. गुलाबी फळंही आहेत. ओढ्याच्या काठाला होतं. वाट कठीण होती, पण गेलो.

चकल्या मिळाल्या. एकही मला मिळाली नाही.

सहादू


नाशिक
१९ नोव्हेंबर २०२४

प्रिय सहादू,

हा किरमिरा. लिंबाच्याच कुळातला आहे, म्हणजे तू निदान योग्य घराण्यात शिरलास. पण घर चुकलं. दहापैकी चार.

कॉलेजच्या बागेत किरमिराही लागणारच आहे, तेव्हा फांदी वाया जाणार नाही. पण माकडलिंबू ते माकडलिंबू.

काय झालंय तुला? या वेळच्या पत्रात बिबट्या नाही, दोरी नाही. रागावलास की काय?

प्रतिभा


मोहपाडा
२५ नोव्हेंबर २०२४

प्रतिभाताई यांना नवसाबाईचा जोहार.

ताई, माझं अक्षर वाकडं हाय, समजून घ्या. लग्न झाल्यावर गुरुजींनी मला लिहायला शिकवलं, तेवढ्यावर चाललंय. हे पत्र मी त्यांच्या माघारी वाल्मीककडं देते हाय. त्यांना कळू देऊ नका.

गुरुजी रानात गेलेच नव्हते. पावसाच्या आधी कौलं चाळायला छपरावर चढले आणि पडले. मांडीचं हाड मोडलं. नाशिकलाच ऑपरेशन झालं, आत सळी घातली हाय. मी म्हटलं प्रतिभाताईंना कळवू, त्या तिथंच राहतात. तर मला म्हणाले, मी असा आडवा पडलेला तिनं बघायचा नाय.

डॉक्टर म्हणतात हाड जुळलं, आता चाला. पण ते चालत नाय. परत पडू असं भ्या बसलंय त्यांच्या मनात. सकाळी खुर्चीत बसतात ते दिवे लागेपर्यंत. लोकं आधी भेटायला यायची, आता तीबी येत नाय. ती पहिली फांदी वाल्मीकनं रस्त्यावरची आणली. बिबट्या खुर्चीतच बसून लिहिला.

तुमचं पत्र आलं, त्यात तुम्ही लिहिलं होतं पाय मोडलेत का. त्या दिवशी ते जेवले नाय.

मला लय राग आला होता तुमचा. पण ताई, दुसऱ्या दिवशी ते काठी घेऊन उठले. मला म्हणाले, शून्य दिलंय तिनं मला. अंगणात गेले, परत आले. किरमिरा ओढ्याच्या काठचा नाय, आमच्या विहिरीपाशीच हाय, पण त्यो त्यांनी स्वतः तोडला. विहिरीपर्यंत ते पावसाच्या आधीपासून गेले नव्हते. मी दाराआडून बघत होते. हाक नाय मारली.

आता एकच मागणं हाय. तुम्ही मागत राहा. काहीबी पाठवलं तरी चूक म्हणा. बरोबर म्हणालात तर परत खुर्चीत बसतील.

चकल्या चांगल्या झाल्या होत्या. मी त्यांना दिल्या होत्या दोन-तीन, ते खोटं लिहितात.

नवसाबाई


नाशिक
३० नोव्हेंबर २०२४

प्रिय नवसाबाई,
सप्रेम जयभीम.

तुमचं पत्र वाचताना गॅसकडे लक्षच राहिलं नाही. चहा उकळून आटून गेला. मी गंमत म्हणून लिहिलेलं वाक्य त्याच्या नेमक्या वर्मावर बसलं. आणि हा माणूस माझ्या घरापासून रिक्षाच्या अंतरावर दवाखान्यात पडून होता! बरा झाला की त्याच्याशी भांडणार आहे. आधी बरा होऊ दे.

तुमचं अक्षर वाकडं नाही. माझ्या कॉलेजच्या पोरांपेक्षा बरं आहे.

तुम्ही सांगता तसं करते. सोबत त्याच्यासाठी वेगळं पत्र देते आहे. ते त्याच्या हातात द्या आणि तुम्हाला काही माहीत नाही अशा चेहऱ्यानं उभ्या राहा.

एवढंच करा, सोबत कुणीतरी असू द्या. त्याला कळणार नाही इतकं मागे.

तुमची,
प्रतिभा


नाशिक
३० नोव्हेंबर २०२४

प्रिय सहादू,

तुझं उत्तर नाही. म्हणजे रागावला आहेस. रागाव, पण कामाचं बघ.

चूक माझीही आहे. मी तुला ओळखायच्या खुणा सांगितल्याच नाहीत. आता मुलांना सांगते तशा सांगते. झुडूप पुरुषभर उंच. पान एकच, जाड, चकचकीत, टोकाला बारीकशी खाच. पानाच्या बगलेत काटा. चुरगळलं की लिंबाचा वास. फूल पांढरं, चार पाकळ्यांचं, सुगंधी. आणि खरी खूण फुलाच्या पोटात आहे. पुंकेसर सुटे नसतात, एकमेकांना चिकटून त्यांची नळी होते. ब्लेडनं फूल उभं चिरलं की भिंगाखाली दिसते. नळी नसेल तर ते माझं माकडलिंबू नव्हे.

फळ गोटीएवढं, हिरवं, पिकताना पिवळसर.

घाई नाही. पण मला दुसऱ्या कुणाकडून नको. मी बागेत पाटी लावणार आहे, आणि झाड कुठून आलं, कुणी आणलं हे त्यावर लिहायचं असतं. तिथं वाल्मीकचं नाव लिहायची माझी इच्छा नाही.

प्रतिभा


मोहपाडा
५ जानेवारी २०२५

प्रिय प्रतिभा,
जोहार.

उशीर झाला.

रानात गेलो होतो. एका दिवसात नाही झालं. आधी खळ्यापर्यंत गेलो, मग तानुबाईच्या शेताच्या बांधापर्यंत. तिथं दगडावर बसलो की ती पाणी आणून देते आणि नाशिकच्या द्राक्षबागांत गेलेल्या तिच्या मुलांच्या गोष्टी सांगते. पाड्यातली अर्धी घरं सध्या बंद आहेत. मला ते माहीतच नव्हतं.

रान जवळच आहे. मी उगाच दूर समजत होतो. आत शिरलं की सावलीत गार वाटतं. देवाच्या दगडाला कुणीतरी नवा शेंदूर लावला आहे. वाट मोडलेली नाही. चढ आहे, पण मुळांना धरता येतं. मागे कुणीतरी येत असल्यासारखं वाटत होतं. वळून पाहिलं नाही.

माकडलिंबू देवाच्या दगडाच्या वरच्या अंगाला आहे. तीन झुडपं आहेत. एका झाडावर फूलही आहे आणि फळंही. मी फूल चिरलं. ब्लेड दाढीचं, भिंग माझ्या शाळेतलं. नळी आहे.

मग मी तिथं बराच वेळ बसलो. एक मोठं काळं फुलपाखरू आलं, पंखावर निळा पट्टा असलेलं. पानावर अंडं घातलं असावं, पण ते मला दिसलं नाही.

फुलांची फांदी आणि फळं सोबत आहेत. तपासून कळव.

सहादू


नाशिक
१० जानेवारी २०२५

प्रिय सहादू,

फांदी आणि फळं मिळाली. मेहनत घेतलीस, आभार.

पण चूक आहे. जवळपास आहे, तरी हे माकडलिंबू नाही. नीट पाहून पुन्हा पाठव.

प्रतिभा


नाशिक
१९ जानेवारी २०२५

प्रिय नवसाबाई,

तुम्ही काळजीत असाल म्हणून हे पत्र आजच्याच गाडीनं पाठवते. तुमचा माणूस माझ्याकडे आहे. जेवला आहे, आणि आत्ता गॅलरीत उभा राहून द्वारकेच्या ट्रॅफिकला शिव्या देतो आहे.

आधी माझं सांगते. ती फांदी आली तेव्हा मी सीबीएसवरच पाकीट उघडलं. तिथल्या तिथं पान चुरगळून वास घेतला. नवसाबाई, मी जन्मात पहिल्यांदा जिवंत माकडलिंबाचं फूल चिरून पाहिलं. नळी अशी सुरेख होती! आणि पत्रात ना कडा, ना दोरी. तेव्हाच समजले की या वेळी तो खरंच गेला होता. घरी येऊन मला कुणाला तरी मोठ्यानं सांगावंसं वाटत होतं. त्याऐवजी टेबलाशी बसले आणि "चूक" असं लिहिलं. त्यानं फूलही पाठवलं, फळंही पाठवली, मग आणखी मागायचं तरी काय? एवढं छोटं पत्र लिहायला मला इतका वेळ कधी लागला नव्हता. तुम्ही सांगितलं होतं म्हणून लिहिलं.

काल दुपारी जिन्यात काठीचा आवाज आला. टक, मग थांबायचा, मग टक. मला वाटलं वरच्या मजल्यावरचे आजोबा. आवाज माझ्या दाराशी थांबला. दार उघडलं तर सहादू. घामानं डबडबलेला, एका हातात काठी, दुसऱ्या हातात पिशवी, टोपी वाकडी.

मी म्हटलं, "अरे, तू?"

"लिफ्ट का नाही या इमारतीला?" हे त्याचं पहिलं वाक्य. दुसरं, "भिंग आण."

पाणी घेतलं नाही, बसला नाही. टेबलावर फांदी ठेवली आणि उभ्यानंच ब्लेडनं फूल चिरलं. अगदी बरोबर मधोमध.

"ही नळी आहे की नाही?"

"आहे."

"पान एक आहे की तीन?"

"एक."

"टोकाला खाच?"

"आहे रे."

"वास कशाचा?"

"लिंबाचा."

"मग चूक कशी?" त्याचा आवाज खालच्या मजल्यावर गेला असेल. "तुझंच पत्र आहे हे माझ्याकडे. तूच खुणा दिल्यास, मी त्या एकेक करून जुळवल्या. जन्मभर दुसऱ्याच्या वह्यांवर फुल्या मारल्या मी, पण बरोबर उत्तराला कधी फुली मारली नाही!"

मला हसू आवरेना, आणि डोळ्यांतून पाणी यायला लागलं. मी म्हटलं, "सहादू, तू तीन मजले चढून आलास."

त्यानं उघड्या दारातून जिन्याकडे पाहिलं. मग काठीकडे पाहिलं. मग हळूच खुर्ची ओढून बसला.

"रानात जाताना चढ होता आणि इथंही चढच," म्हणाला. "रागात लक्षातच आलं नाही."

मी पाणी दिलं. सगळं प्यायला. मग म्हणाला, "नवसानं लिहिलं ना तुला?"

मी त्याच्या पेल्यात आणखी पाणी ओतलं. तो म्हणाला, "तरीच. रानात माझ्या मागून कुणीतरी यायचं. पावलांवरून वाटलं होतं तीच असावी. वळलो असतो तर परत फिरली असती." यावर मीही पाणी प्यायले.

मग आम्ही भांडलो. दवाखान्यावरून मी भांडले, फुलीवरून तो भांडला. बरोबरीत सुटलं. मी त्याला दहापैकी दहा दिले, तर म्हणतो, "लिहून दे." लिहून दिले. ते तुम्हाला दाखवेलच.

आज सकाळी कॉलेजात गेलो होतो. त्यानं स्वतःच्या हातानं फळं फोडून बिया पिशव्यांत लावल्या. मुलं भोवती जमली तसा त्याचा वर्ग भरला. एका पोरीनं विचारलं, "सर, हे झाड मिळालं कसं?" तर त्यानं कमरेच्या कोयत्यापासून सुरुवात केली. कडा आला, दोरी आली, बिबट्याही आला, आणि या वेळी त्याच्यासोबत दोन पिल्लं होती.

परतताना द्वारका चौक ओलांडायचा होता. मी रिक्षा थांबवत होते, तर हा काठी आडवी धरून निघाला आणि पलीकडे जाऊन उभा राहिला. तिथून ओरडला, "डोंगर परवडला, पण तुमची द्वारका नको!"

उद्या सकाळच्या गाडीत बसवून देते. म्हणतो, वाल्मीकला सुरगाण्याला न्यायला पाठवू नको, मी येईन माझा. वाल्मीकला तरीही पाठवा.

तुमची,
प्रतिभा


मोहपाडा
१६ मार्च २०२५

प्रतिभाताई यांना नवसाबाईचा जोहार.

बिया उगवल्या हे मीच पत्र फोडून वाचलं, पत्र गुरुजींच्या नावाचं होतं पण गुरुजी घरी नव्हते. उन्हाळ्यात तुम्ही येणार म्हणता, जरूर या. मागची खोली सारवून ठेवते.

तुमचा दहापैकी दहाचा कागद त्यांनी पिठाच्या खळीनं भिंतीला चिकटवला हाय. आल्यागेल्याला दाखवतात. तुमच्या नावाच्या खाली सही नाय, ती घ्यायला पाहिजे होती म्हणतात.

पण ताई, मला तक्रार करायची हाय. गुरुजी आता घरात टिकत नाय. मोहाची फुलं पडायला लागली, मी पहाटे वेचायला जाते, तर ते माझ्या आधी निघालेले. कोथिंबीर आणायला तानुबाईकडं पाठवलं तर दुपारी आले, आणि पिशवीत कोथिंबीर नाय, कसलाकसला पाला. म्हणतात प्रतिभाला हे लागेल. खुर्ची रिकामी पडली म्हणून मी त्यावर वाळवणाची टोपली ठेवते. काल त्यांनी बसायला खुर्ची मागितली तर मी म्हटलं, टोपली उचला आणि बसा, तर टोपली बघून परत बाहेर गेले.

मीच तुम्हाला सांगितलं होतं मागत राहा. आता मीच सांगते, जरा थांबा. आणि थांबणं होत नसेल तर आमच्या अंगणात उगवतं असं कायतरी मागा.

नवसाबाई